उंबऱ्याशी थांबलेला रक्तपिपासू

‘विश्वनाथचा साखरपुडा’ असं लिहिलेली कॅसेट प्रभाकर कपाटावरच्या रिकाम्या बॅगेत लपवायचा. आत साखरपुडा कसला डोंबलाचा! काळा झगा घातलेला रक्तपिपासू, उघड्या बायका आणि त्यांच्या मानेवर टेकणारे दात. सिल्वासातला व्हिडिओ लायब्ररीवाला कॅसेट रिवाइंड केल्याशिवाय परत घेत नसे. त्या सवयीने ही विकत घेतलेली कॅसेटही प्रभाकर न चुकता सुरुवातीला नेऊन ठेवायचा.

त्या सोमवारी फीत अर्धी इकडे, अर्धी तिकडे दिसली आणि त्याच्या मनात पाल चुकचुकली. घरात तो आणि बायको मालती, दोघंच. मालती तर टीव्हीवर नुसती मिठी दिसली तरी स्वयंपाकघरात पळायची. म्हणजे ती एकटी बघत नसणार! चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते हे. त्याने कॅसेट रिवाइंड केली. दुसऱ्या दिवशी फीत पुन्हा तिथेच थांबलेली.

आता त्याला शेजारच्या नारायणची शीळही खटकू लागली. जेवताना प्रभाकर मालतीच्या मानेकडे टक लावून बघायचा.

“पदर का गुंडाळलायस?”

“गारठा आहे. भाजी वाढू?”

मालती आपल्याला सोडून जाणार, या भीतीने तो ताटावरून उठला. शेवटी मसाटच्या कारखान्यातून अर्धी सुट्टी टाकून तो भरदुपारी घरी आला. दाराआडून पुरुषाचा आवाज आला, “आप कहेंगी, तभी अंदर आऊँगा.”

प्रभाकरने किल्लीने दार उघडलं. बुटांसकट आत घुसून त्याने न्हाणीघर पाहिलं, पलंगाखाली पाहिलं.

“कुठंय तो?”

मालती सूप घेऊन डाळ निवडत बसली होती. घाबरली होती, पण उठली नाही. तिने टीव्हीकडे बोट केलं. रक्तपिपासू एका बाईच्या दारात उभा होता.

“हा काय. पुढचं घाणेरडं मी बघत नाही. एवढंच बघते आणि बंद करते.”

“एवढ्यात काय आहे बघण्यासारखं?”

“रक्त पिणारा मेला, पण बाईने ये म्हटल्याशिवाय उंबरा ओलांडत नाही. लग्न झाल्यापासून तुम्ही मला हात लावताना कधी विचारलंत?”

प्रभाकरला मेल्याहून मेल्यासारखं झालं. एकेक रात्र आठवली. तिचं भिंतीकडे वळलेलं तोंड आठवलं. तो मागे सरला, उंबऱ्याबाहेर गेला आणि बूट काढले.

“मालती, आत येऊ?”

मालतीने टीव्ही बंद केला आणि सूप पुन्हा मांडीवर घेतलं.

“थांबा जरा,” ती म्हणाली. “विचार करू दे.”

तो बाहेर थांबला.