शिवलिंगप्पाच्या कोनाड्यातली कातर

मित्रांनो, सोलापूरजवळच्या कुंभारी गावात फुलाबाईच्या घरात खुंटीला लटकलेली गंजकी कातर दिसली, तर ती मीच. मेंढरांची लोकर कापण्यात माझी हयात गेली. फुलाबाईचा नवरा धुळा मला असा चालवायचा, की मेंढराला ओरखडा उठायचा नाही. सारखा मला तेल लावत बसायचा. फुलाबाई फणकारायची, "बायकूच्या डोक्याला थेंब न्हाय, आन् ह्या सवतीचे लाड बगा!"

धुळानं सोलापूरच्या शिवलिंगप्पा व्यापाऱ्याकडून उचल घेतली होती. बदल्यात वीस घोंगड्या विणून द्यायची बोली होती. मग धुळा तापानं गेला. व्यापारी दारात आला, तशी फुलाबाईनं मला त्याच्यापुढं आपटलं. "वीस हुईस्तवर ही तारण ठेव. आमी बुडवणारी न्हाय."

मी व्यापाऱ्याच्या कोनाड्यात जाऊन पडले. गिरणीचा भोंगा तेवढा ऐकू यायचा. लोकरीचा वास नाही, कुणाचा हात नाही.

पुढचं मला मागाहून कळलं. पाऊस दडला, अर्धी मेंढरं मेली. बिरोबाच्या देवळात पंच बसले आणि तडजोड झाली. विसाची बोली सोडायची. त्याऐवजी दसऱ्यापर्यंत आठ घोंगड्या द्यायच्या. दोघांनी भंडारा उचलून शपथ घेतली. पंचांतले आप्पा फुलाबाईला म्हणाले, "कातर मागून घे." ती म्हणाली, "मी कशाला मागू? त्याला कळत न्हाय व्हय?" तेवढ्या ताठ्यापायी मी कोनाड्यातच राहिले.

दसऱ्याला तिच्या सहाच झाल्या. शिवलिंगप्पा म्हणाला, तडजोड मोडली, म्हणजे जुनी बोली उभी राहिली. अजून चौदा दे. फुलाबाई म्हणाली, जुनी बोली कवाच संपली. पुन्हा पंच बसले. शिवलिंगप्पानं मला सगळ्यांपुढं ठेवलं. "जुनी बोली संपली म्हणता, मग तिचं तारण माझ्याकडं कसं?"

 चौदा घोंगड्या म्हणजे फुलाबाईची सगळी मेंढरं गेली असती. आणि साक्ष तिच्याविरुद्ध कुणाची, तर माझी!

फुलाबाई उसळली. "काडीमोड घिऊन बाईनं पाट लावला, आन् नव्या दादल्याशी भांडली, तर पयला परत गळ्यात पडतो व्हय रं?"

देवळात हशा पिकला. आप्पा मात्र हसले नाहीत. "भंडारा उचलला, तवाच जुनं संपलं. ऱ्हायल्या त्या नव्यातल्या दोन. शिवलिंगप्पा, कातर तवाच द्यायची हुती. आन् फुलाबाई, तुजी बी जीभ नको तितंच चालती. मागायला काय झालं हुतं?"

फुलाबाई तशीच उठली. घरी गेली आणि दोन घोंगड्या घेऊन आली. एक धुळाची, एक तिच्या अंथरुणातली.

"ह्या वापरलेल्या हायत की," व्यापारी म्हणाला.

"धुळाच्या हातच्या हायत. हात लावून बग."

त्यानं वीण चाचपली आणि मुकाट्यानं घेतल्या.

मी घरी आले, तर मेंढरं कोंडायच्या वाडग्यात एक मेंढरू नाही. उसन्या कातरीवर कामं होईनात, म्हणून तिनं कळप वेळापूरच्या दिराकडं अर्ध्या वाट्यानं सांभाळायला दिला होता. दिरानं तो परत दिलाच नाही. थंडीत ती गुडघे पोटाशी घेऊन बसते आणि मी खुंटीला असते.

मित्रांनो, भांडण मिटवाल तेव्हा जुन्या बोलीपायी ठेवून घेतलेली वस्तू त्याच दिवशी ज्याची त्याला द्या. आणि आपली वस्तू असेल तर तोंड उघडून मागा. कोनाड्यात वाट बघणाऱ्याला तुमचा मान कळत नाही. त्याला एवढंच कळतं, की आपल्याला न्यायला कुणी आलं नाही.