बेबंदशाहीची चिठ्ठी

मित्रांनो, शब्दकोशाच्या कचेरीतली मी एक जुनी चिठ्ठी. कडा मऊ पडल्या, शाई तपकिरी झाली. आता कुणी हातात घेतले तरी अंग चोरावेसे वाटते.

एका पाठकोऱ्या कागदाचे चार तुकडे झाले, त्यातला एक मी. कोशाच्या संपादक ताईंनी माझ्यावर ठसठशीत अक्षरांत लिहिले: 'बेबंदशाही. कुणाचा पायपोस कुणाच्या पायात नाही असा कारभार. मूळ फारसी. बे म्हणजे विना, बंद म्हणजे बांधून ठेवणारी गोष्ट, शाही म्हणजे सत्ता.' खाली पुरावा म्हणून एका जुन्या पुस्तकाचे नाव आणि पान. "चिठ्ठी असावी तर अशी!" असे सगळे म्हणत. माझ्या कागदी अंगावरही मूठभर मांस चढे.

माझी राखण नानांकडे होती. नाना म्हणजे तिथले लिपिक, वीस वर्षे खणांतल्या चिठ्ठ्या जिवापाड जपणारे. ताईंचे नियम कडक होते. चिठ्ठी कचेरीबाहेर न्यायची नाही, आणि चिठ्ठी समोर नसेल तर शब्दाचे मूळ छापायचे नाही.

एका दुपारी ताईंनीच मला काढून पुराव्याचे पान ताडून पाहिले. तेवढ्यात छापखान्याचा माणूस आला. खूण म्हणून मला पुस्तकात खुपसून त्या उठल्या. संध्याकाळी पुस्तक त्यांच्या घरी गेले आणि त्याबरोबर मीही.

छपाईच्या वेळी माझा शोध सुरू झाला. "नाना, चिठ्ठीला काय पाय फुटले? खण तुमच्याच ताब्यात होते ना?" ताई सगळ्यांसमोर कडाडल्या, असे मला पुढे कळले. नानांनी एकूण एक खण उपसला. शेवटी कोशात माझ्या शब्दापुढे 'मूळ अज्ञात' असे छापले गेले. नाना निवृत्त झाले, ते मान खाली घालूनच.

मी दोन पानांत चेपून पडले होते. ओरडायला तोंड नव्हते. फार वाईट वर्षे होती ती.

चार वर्षांनी ताईंनी ते पुस्तक उघडले. आत मी होते. दुसऱ्याच दिवशी मला घेऊन त्या नानांच्या दारात उभ्या राहिल्या.

"नाना, चूक माझीच होती हो. बोल मात्र तुम्हाला लावला."

नानांनी चष्मा पुसून मला वाचले. "सापडली, बरं झालं," ते म्हणाले. "पण ताई, एक सांगू? त्या दिवसापासून घरात काहीही हरवलं, की मी आधी माझेच खिसे चाचपतो."



मित्रांनो, पुढच्या आवृत्तीत माझ्या शब्दाचे मूळ छापून येईल. नानांचे खिसे चाचपणे मात्र आता थांबायचे नाही. वस्तू जागच्या जागी ठेवा, हे तर मी सांगेनच. पण एखादी सापडली नाही, तर कुणाचे नाव घेण्यापूर्वी आपले टेबल एकदा नीट बघा.