ग्लाफिराचं अकरावं मरण

ग्लाफिरा पडद्यावर आजवर दहा वेळा मेली होती. कधी नदीत उडी घेऊन, कधी विष पिऊन, आणि एकदा तर नुसतं पत्र वाचून! करणार काय? नायिका मेल्याशिवाय आपल्या रशियन माणसाचं समाधानच होत नाही. परदेशातल्या लोकांना मात्र शेवटी लग्न लागतं. म्हणून मॉस्कोच्या स्टुडिओत, काचेच्या छपरातून येणाऱ्या उन्हात, प्रत्येक सिनेमाचे दोन शेवट उरकायचे. सकाळी मरायचं, आणि ऊन उतरायच्या आत नवरी व्हायचं.

अकरावा सिनेमा कलुगाला, तिच्या गावी लागला, तेव्हा तिथून आईचं पत्र आलं. "एकदा बघते तुझं काम. पटलं तर बरं, नाहीतर गाशा गुंडाळ आणि फोमाशी लग्न कर."

फोमा धान्याचा व्यापारी. माणूस भला, पण ओटच्या भावापलीकडे बोलेल तर शपथ! पोटची पोर मेलेली कुठल्या आईला पटेल? ग्लाफिरानं परदेशी शेवटाचं रीळ डब्यात घालून थेट कलुगा गाठलं आणि थिएटरच्या मशीनवाल्याच्या हातापाया पडून रविवारच्या दुपारच्या खेळाला तेच लावायला लावलं.

आई पेलागेया चार शेजारणींना घेऊन पहिल्या रांगेत बसली. प्रत्येकीच्या हातात इस्त्रीचा रुमाल. पडद्यावर ग्लाफिरा नदीकाठी आली तशा पाचही जणींनी रुमाल उघडले. तेवढ्यात नायक धावत आला, आणि लग्नच लागलं की! रुमाल कोरडेच राहिले. मागून कुणीतरी शिट्टी मारली.

बाहेर आल्यावर पेलागेया कडाडली, "अगं, एवढंच? लग्नच करायचं होतं, तर मॉस्कोला कशाला तडमडलीस? ते इथंही झालं असतं!"

ग्लाफिराला हसावं की रडावं कळेना. तिनं रिळाची सगळी भानगड सांगून टाकली.

"म्हणजे तू मरतेस?" पेलागेयाचा चेहरा खुलला. "मग दाखव की, मेले!"

दुसऱ्या दिवशी खरा शेवट लागला. ग्लाफिरा बुडाली आणि अख्खं थिएटर हुंदके देऊ लागलं. सगळ्यात मोठ्यानं पेलागेया. शेजारीच धडधाकट बसलेल्या लेकीचा हात तिनं गच्च धरला होता.

घरी येऊन तिनं लेकीपुढं कोबी भरून भाजलेली गरम पिरोगी ठेवली आणि नाक पुसत म्हणाली, "खा आणि उद्याच्या गाडीनं मॉस्कोला नीघ. फोमाला मी बघते."