घरट्यातल्या पाचरी

आमच्या लेकीला सगळे खार म्हणतात. दोन वर्षांची आहे, पण हाती लागेल ते उचलून कुणाच्या तरी ओंजळीत टाकल्याशिवाय तिला चैन पडत नाही. बागेतलं काम मिळालं, तेव्हा तिला ठेवायचं कुठे, हा प्रश्न होता. सासरे म्हणाले, बरोबर घेऊ. दगडही ऐकत नाहीत, हीही ऐकत नाही, दोघांचं छान जमेल.

काम होतं एका दगडी घरट्याचं. ही जन्मल्यानंतरचं माझं पहिलंच शिल्प. बागेच्या टोकाला, उघड्यावर. रांगत आत जाता येईल एवढं दार, आत बसायला ओटा. चुना नाही, सिमेंट नाही. प्रत्येक थर खालच्यापेक्षा थोडा आत सरकवायचा, म्हणजे भिंती वर जाता जाता एकमेकींकडे झुकत जातात आणि शेवटी मिटतात. झुकलेला दगड आत कलंडू नये म्हणून त्याच्या आतल्या कडेखाली दगडाच्याच लहान पाचरी सारायच्या. त्या मी स्वतः घडवते आणि प्रत्येकीवर छिन्नीने एक तिरकी रेघ ओढते. वरचा थर चढेपर्यंत त्या नुसत्या हाताने बसवलेल्या असतात, ठोकायचं नंतर.

सासऱ्यांचा जन्म गवंडीकामात गेलेला. सिमेंटशिवायची भिंत त्यांच्या पचनी पडत नव्हती. "उभं राहिलं तर शिल्प, पडलं तर ढिगारा. तुझं बरं आहे," असं म्हणत म्हणत ते दगड मात्र निवडून निवडून माझ्या हातात देत.

खारीला गुंतवून ठेवायला मी एक खेळ काढला होता. ढिगातला लहानसा दगड तिने आणायचा, मी हात पुढे करायचा, शाब्बास म्हणायचं, दगड खिशात टाकायचा आणि सांगायचं, अजून आण. तिचे गाल असे फुगायचे की जणू घरटं तीच बांधतेय.

त्या दिवशी मी मागच्या बाजूला खाली मान घालून दगड तासत होते. खार आली, दगड दिला. शाब्बास, अजून आण. गेली, आली, पुन्हा दिला. मी छिन्नीवरची नजर काढलीच नाही. तिसरा दगड हातात आला आणि अंगठ्याला ती रेघ लागली.

तिरकी. माझीच.

खिशातले दोन काढून पाहिले. दोन्हींवर रेघ.

मान वर केली तर खार समोर नव्हती. मीच तिला म्हटलं होतं, अजून आण.

दारापर्यंत कशी पोचले, आठवत नाही. आत ती ओट्यावर उभी होती, टाचा उंचावून, दोन्ही हातांनी चौथी पाचर ओढत. तिच्या डोक्यावरचा दगड बोटभर पुढे झुकला होता. त्याच्या कडेवरून बारीक माती तिच्या केसांत पडत होती आणि तिला गुदगुल्या होत होत्या. तोंडातून आवाज फुटणार, तेवढ्यात खांद्यावर हात पडला. पाणी आणायला गेलेले सासरे परतले होते.

"ओरडू नकोस," ते अगदी हळू म्हणाले. "दचकली तर तोल जाईल. हात लागेल त्याला."

आत शिरावं तर दारात मी अडकून पडले असते, आणि मला रांगताना पाहिलं की ती हमखास पळापळीचा खेळ समजते. नुसतं बोलावून ती येत नाही. रिकाम्या हाताने तर नाहीच. हा नियम मीच लावलेला.

मी दाराबाहेर मांडी घातली. पायाजवळचा एक गोल, पांढरा गोटा उंबऱ्याशी सोडला.

"खारू, आईला हा हवाय. हा आणतेस?"

तिने गोट्याकडे पाहिलं. मग पाचरीकडे. एवढ्याशा कपाळावर आठी पडली. मग पाचर सोडून ती उलटी वळली, पोट ओट्याला टेकवलं आणि एक पाय खाली सोडून जमीन चाचपू लागली. पलंगावरून असं उतरायला मीच शिकवलंय तिला. हळू, बाळा, हळू, असं शिकवलंय. त्या क्षणी ते हळू मला सोसवत नव्हतं.

ती उंबऱ्याशी आली, गोटा उचलला, आणि मी तिचा दंड धरून तिला बाहेर खेचलं.

आवाज मोठा झाला नाही. जड पोतं जमिनीवर टाकावं तसा. मग आणखी एक, आणि दारातून पांढरी धूळ बाहेर आली. सासरे माझ्या शेजारी येऊन बसले. धूळ बसल्यावर मी वाकून पाहिलं. ओट्याचे दोन तुकडे झाले होते.

खार रडली नाही. मी तिला छातीशी इतकं आवळलं होतं की ती वैतागून सुटायला धडपडत होती. सुटली, माझ्यासमोर उभी राहिली आणि तो पांढरा गोटा पुढे केला.

"आई, घे."

मला हात पुढे करता येईना. ती थांबली. पुन्हा म्हणाली, घे ना. ओठ वाकडे व्हायला लागले, तेव्हा सासऱ्यांनी आपली खरबरीत ओंजळ तिच्यासमोर धरली. तिने मान हलवली. तिला मीच हवी होते.