कंपाउंडरचा नंबर

आधीचे खासदार वारले आणि पोटनिवडणूक लागेपर्यंत मुदतीचे सातच महिने उरले. एवढ्याशा काळासाठी दोन्ही मोठ्या पक्षांना आपला तगडा माणूस खर्ची घालायचा नव्हता, म्हणून अपक्ष उभे राहिलेले कंपाउंडर निवडून आले. चाळीस गावं त्यांना ओळखत होती, कारण त्या चाळीस गावांना मिळून दवाखाना एकच, आणि तिथले डॉक्टर बहुधा रजेवर. आपण फार काही करणार नाही, पण आपल्याला आणखी एक डॉक्टर हवा एवढं सभागृहात उभं राहून बोलू, असा शब्द त्यांनी दिला होता.

राजधानीत त्यांना दोन खोल्यांचं घर मिळालं. खुर्च्या सहा. ते रोज एकाच खुर्चीत बसत आणि रविवारी मुद्दाम दुसरीत. संध्याकाळी मुलीचा फोन येई. ती दुपारभर टीव्हीवर सभागृहाचं कामकाज बघत असे. आज तुमचं टक्कल दिसलं, असं हसत सांगे, आणि मग हळूच विचारी, की आवाज कधी ऐकायला मिळणार?

बोलायला यादीत नाव यावं लागे, आणि अपक्षांची नावं तळाला असत. पाच महिन्यांत सभागृहातल्या शिपायाखेरीज त्यांच्याशी कुणी आपणहून बोललं नव्हतं. जेवणघरात ते ताट घेऊन बसले की टेबलावरच्या माणसांना दुसऱ्या टेबलावर काहीतरी काम निघे. भाषण मात्र तयार होतं. औषधाच्या पुड्या बांधाव्यात तसं मोजून लिहिलेलं, अपक्षाला मिळतात तेवढ्याच तीन मिनिटांचं.

शेवटच्या अधिवेशनात आरोग्यावर चर्चा निघाली. त्यांचा नंबर चौदावा होता. तेरावा सदस्य बोलत असताना शेजारच्या बाकावरची तरुण खासदार त्यांच्याकडे झुकली.

"काका, माझ्या भागात पूर आलाय. पाचची गाडी गाठायचीय आणि माझा नंबर बाविसावा. तुमचा मला द्याल?"

चौतीस वर्षं त्यांनी दवाखान्याच्या दारात हेच केलं होतं. तापानं फणफणलेलं मूल आधी, गुडघेदुखी नंतर. ज्यानं नंबर सोडला, त्याला लगेच पुढचा. त्यांनी चिठ्ठी लिहून वर अध्यक्षांकडे पाठवली. ती छान बोलली, जाताना त्यांचा हात दाबून गेली.

मग कंपाउंडर कागद घेऊन उभे राहिले. अध्यक्षांनी पंधराव्याचं नाव पुकारलं. शिपायानं वाकून समजावलं, "साहेब, इथं नंबर सोडला की माणूस यादीच्या शेवटी जातो."

साडेपाचला अध्यक्षांनी सांगितलं, की वेळ संपली आहे, उरलेल्यांनी आपली भाषणं लिहून पटलावर ठेवावीत, ती झाली असं धरलं जाईल. कंपाउंडरांनी आपला कागद इतर कागदांवर ठेवला आणि सवयीनं कडा जुळवल्या.

अधिवेशनाबरोबर मुदतही संपली. घर सोडायच्या आदल्या दिवशी कामकाजाचा छापील अहवाल आला. त्यात त्यांचं नाव होतं, खाली पूर्ण भाषण. संध्याकाळी त्यांनी ते मुलीला सांगितलं.

"चांगलंच झालं की, बाबा. गावात दाखवता येईल, तुम्ही बोललात म्हणून."

"बोललो नाही ना गं."

तिनं टीव्हीचा आवाज बंद केला. मग म्हणाली, "आता बोला. मी घड्याळ लावते."

ते उभे राहिले. समोर सहा खुर्च्या होत्या. एका हातात फोन, दुसऱ्यात अहवाल धरून त्यांनी "अध्यक्ष महोदय" अशी सुरुवात केली आणि चाळीस गावं, एक दवाखाना, रजेवरचे डॉक्टर, सगळं न चुकता शेवटपर्यंत वाचलं.

"तीन मिनिटं वीस सेकंद," मुलगी म्हणाली. "तिथं तुम्हाला मध्येच थांबवलं असतं, बाबा."

"थांबवलं असतं तरी चाललं असतं," कंपाउंडर म्हणाले, आणि आपल्या नेहमीच्या खुर्चीत बसले.