‘फे’चा वाक्यात उपयोग

रविवारच्या पुरवणीच्या शेवटच्या पानावर, शब्दकोड्याच्या खाली आणि केसगळतीच्या जाहिरातीच्या वर, एक लहानसा चौकोन असतो. दर आठवड्याला त्यात एक दुर्मीळ इंग्रजी शब्द, त्याचा उच्चार, अर्थ आणि वाक्यात उपयोग. हा चौकोन जे गृहस्थ लिहीत त्यांना कचेरीत सगळे ‘शब्दवाले’ म्हणत, जसं भाजीवाले किंवा भंगारवाले. त्यांनी ते कधी मनाला लावून घेतलं नाही. भंगारवाल्याशी आपलं काम बरंच जुळतं असं त्यांचंही मत होतं. लोकांनी टाकून दिलेलं उचलायचं, पुसायचं आणि पुन्हा लोकांच्याच गळ्यात मारायचं.

अर्थ कोशात मिळतो, उच्चारही मिळतो. वाक्य मात्र पदरचं घालावं लागतं, आणि मध्यमवर्गीय माणसाच्या पदरी असून असून काय असणार? बायको, बायकोचा थोरला भाऊ, समोरचा शिंपी. शब्दवाले यांच्यावरच भागवत. घरात तो चौकोन कुणी वाचत नसे, त्यामुळे अब्रूनुकसानीची भीती नव्हती. बायको त्या पानावर केसगळतीची जाहिरात तेवढी वाचायची, तीही नवऱ्याकडे बघत.

मग ‘मोरिबंड’ हा शब्द आला. मोरिबंड म्हणजे मरणपंथाला लागलेला. वाक्यात उपयोग: ‘समोरच्या शिंप्याचं दुकान मोरिबंड आहे.’ महिन्याभरात शिंप्यानं शटर ओढलं ते कायमचं, आणि शब्दवाल्यांची उसवलेली पँट आतच राहिली. त्यांनी हा किस्सा कचेरीत रंगवून सांगितला आणि लोक हसले.

पुढचा किस्सा त्यांनी कुणालाच सांगितला नाही. शब्द होता ‘टॅसिटर्न’, म्हणजे अबोल. वाक्य होतं: ‘आमची आई हल्ली टॅसिटर्न झाली आहे.’ ती थट्टा होती. आईच्या तोंडाला खळ म्हणून नसायची. चुकून लागलेल्या राँग नंबरशीसुद्धा ती पाऊण तास बोलत असे. ज्या रविवारी चौकोन छापून आला त्याच आठवड्यात तिला झटका आला आणि वाचा गेली. त्यानंतर दोन वर्षं ती कॉटवर होती. काही हवं असलं की चमच्यानं स्टीलच्या पेल्यावर ठकठक करायची. पुरवणी उघडून दाखवावी आणि माफी मागावी असं शब्दवाल्यांना अनेकदा वाटलं, पण ज्या माणसाला उत्तर देता येत नाही त्याची माफी मागणं म्हणजे फारच सोयीचं झालं असतं.

आई गेल्यावर तिची खोली त्यांची लिहायची खोली झाली. त्या भिंतीतून पाण्याचा पाइप जातो. वरच्या घरात कुणी नळ सोडला की पाइप ठकठकतो, अगदी चमच्यासारखा. प्लंबर म्हणाला, हवा अडकते. त्यानं एक पट्टी ठोकली आणि वर दिलासा दिला, “आता नाही वाजणार, साहेब. वाजला तर सवय करून घ्या.” शब्दवाल्यांनी सवय करून घेतली. आणि वाक्यांतून हाडामांसाची माणसं काढून टाकली. त्यांच्या जागी हवामान आलं, फर्निचर आलं, सरकार आलं. म्हणजे आधीच बिघडलेलं असतं आणि आपल्या एका वाक्यानं आणखी काही बिघडणार नसतं, असं सगळं.

असं असूनही त्या मंगळवारी त्यांचा हात घसरला.

शब्द होता ‘फे’. तीनच अक्षरं, एफ, ई, वाय. कुठल्याशा थंड, डोंगराळ मुलखातून इंग्रजीत शिरलेला. मूळ अर्थ, मरण ठरलेला. पण नुसता मरणाऱ्याला हा शब्द लागत नाही. ज्याचं मरण जवळ आलंय आणि त्याला त्याचा पत्ता नाही, पण अंगात मात्र काहीतरी शिरलंय, म्हणून जो काही कारण नसताना एकाएकी आनंदात आलाय, त्याला फे म्हणतात. पुढे शब्द जरा सैलावला. या जगातला न वाटणारा, स्वप्नाळू, परीसारखा, असेही अर्थ त्याला चिकटले. हल्ली तरुण मुली तो कौतुकानं वापरतात. शब्दवाल्यांना मूळ अर्थ आवडला. मराठीत मात्र जोड मिळेना. ‘आसन्नमरण’ लिहिलं तर आनंद निसटतो, ‘हर्षोत्फुल्ल’ लिहिलं तर मरण. शेवटी त्यांनी लिहिलं, ‘आसन्नमरण व अकारण प्रफुल्लित’. एकावर एक दोन कोट चढवलेल्या माणसासारखा तो अर्थ त्यांच्याकडे घामाघूम होऊन बघत राहिला.

आता वाक्य. बाहेरच्या खोलीत आदल्या दिवशीच मेहुणा तासभर बसून गेला होता. सगळे त्याला दादा म्हणत, शब्दवालेही. दादा लिफ्ट इन्स्पेक्टर म्हणून रिटायर झाला होता, पण तपासणी सुटली नव्हती. कुठलीही गोष्ट, मग ती खुर्ची असो की कुणाचं लग्न, कुठून तुटेल हे आधी बघायचा. या इमारतीची लिफ्ट त्यानंच एकदा पास केली होती आणि तेव्हापासून तो जिन्यानंच यायचा. त्या तासाभराचा राग बोटांत असावा. शब्दवाल्यांनी टाइप केलं: ‘जन्मभर कुरकुरणारा माझा मेहुणा त्या आठवड्यात एकदम फे झाला; तो गाणी गुणगुणू लागला, आणि आम्ही मनातून हादरलो.’

वाक्य झकास झालं होतं. त्यांनी ते दुपारीच कचेरीला पाठवून दिलं. भिंतीत पाइप ठकठकला.

बुधवारी दुपारी दाराबाहेर कुणीतरी गुणगुणत होतं. बायकोनं दार उघडलं तर दादा. एका हातात छत्री, दुसऱ्या हातात ड्रिल मशिन. दोन्ही वस्तू याच घरातल्या, कधीकाळी नेलेल्या.

“घ्या भावोजी, तुमचं तुम्हाला. माणसानं कुणाचं ठेवून घेऊ नये.”

“दम नाही लागला आज?” बायकोनं विचारलं.

“लिफ्टनं आलो.”

बायकोच्या हातातला टॉवेल तसाच राहिला. “आमच्या लिफ्टनं?”

“मग काय शेजारच्यांच्या? बसलो आपला. काय व्हायचंय गं? फार तर खाली जाईल. लिफ्ट आहे, जायचीच.” आणि दादा हसला. त्याचे पुढचे दात शब्दवाल्यांनी बहुधा पहिल्यांदाच पाहिले. चांगले होते.

त्यानं चहाचं कौतुक केलं. बंद पडलेलं भिंतीवरचं घड्याळ उतरवून चालू करून दिलं. निघताना बहिणीच्या डोक्यावर हात ठेवला आणि “तुला मी फार बोललो गं आजवर” असं म्हणून पुन्हा लिफ्टनं गेला. खाली जाणाऱ्या लिफ्टमधून त्याचं गुणगुणणं मजल्यामजल्यानं बारीक होत गेलं.

बायको दारात उभी राहून डोळे पुसत हसत होती. “दादाचं काही खरं नाही, बाई.”

शब्दवाले जागच्या जागी थिजले. आदल्या दिवशी कोश उलथेपालथे करून जे सापडलं नव्हतं ते बायको फुकटात बोलून गेली होती. ‘काही खरं नाही’. लाडानं म्हटलं तर लाड, भीतीनं म्हटलं तर मरण. फे म्हणजे हेच, तंतोतंत.

गुरुवारी ते उघडण्याच्या वेळेलाच कचेरीत हजर झाले. पुरवणीच्या संपादकबाई चष्मा डोक्यावर ठेवून चष्माच शोधत होत्या.

“बाई, माझा या वेळचा चौकोन काढता येईल?”

“पुरवणी कालच छापून झाली, शब्दवाले. गठ्ठेसुद्धा बांधले. का, चूक झालीये?”

“चूक नाही. बरोबर आहे, म्हणूनच.”

बाईंनी चष्मा सापडल्यावर त्यांच्याकडे नीट पाहिलं. “चुकीच्या मजकुराला शुद्धिपत्र असतं. बरोबर मजकुराला काय देऊ, श्रद्धांजली?”

“त्या शब्दाचा दुसरा अर्थही आहे. परीसारखा. तो तरी कुठे घालता आला असता...”

“पुढच्या आठवड्यात घाला की. सावकाश.”

“पुढच्या आठवड्यात उशीर होईल.”

“कशाला?”

याचं उत्तर द्यायचं तर आईपासून सुरुवात करावी लागली असती. शब्दवाले बाहेर आले. गोदामाच्या दाराशी पुरवणीचे गठ्ठे रचलेले होते, दोऱ्यांनी करकचून आवळलेले. प्रत्येकात दादा गाणी म्हणत होता.

आता एकच उपाय उरला होता. दादा आनंदात असेल तरच तो फे. त्याला पुन्हा पहिल्यासारखं दुःखी केलं तर शब्द त्याला लागू पडणार नाही. शनिवारी सकाळी शब्दवाले मेहुण्याचा जीव वाचवायला, म्हणजे त्याचं डोकं फिरवायला, त्याच्या घरी गेले.

“गुडघा काय म्हणतो?” त्यांनी सुरुवात केली.

“दुखतो बिचारा. त्याचंही वय झालं.”

“वरच्यांची गळती अजून चालूच दिसतेय. पार डाग पडलाय छताला.”

“बघा ना, कसा सशासारखा दिसतो. हे कान.”

शब्दवाल्यांनी वर पाहिलं. ससा होता खरा. त्यांनी दातओठ खाऊन ठेवणीतलं काढलं. “मुलगा काही फोनबिन करत नाही म्हणे.”

“त्याला कामं असतात, भावोजी. मीच करतो. परवा नातवाला फोनवर गाणं म्हणून दाखवलं, तर कार्टं म्हणतं, आजोबा, थांबा.” दादा हसता हसता खोकला.

“दादा, झालंय तरी काय तुम्हाला?” ते जवळजवळ विनवणीच्या सुरात म्हणाले.

दादानं शर्टाची कॉलर बाजूला केली. मानेवर पट्टी होती. “गाठ होती. चार महिने कुणाला बोललो नाही. बहिणीला सांगितलं असतं तर तिनं हाय खाल्ली असती. तुकडा काढून तपासायला दिला होता. मंगळवारी दुपारी रिपोर्ट आला. काही नाही. साधी गाठ.” त्यानं कॉलर पुन्हा नीट केली. “चार महिने मेलेलाच होतो मी. आता जरा गातो, तर लोक दचकतात.”

मंगळवारी दुपारी म्हणजे वाक्य पाठवलं तेव्हाच, हे शब्दवाल्यांच्या ध्यानात आलं. पण पाठोपाठ दुसरंही आलं आणि त्यांच्या छातीवरचा धोंडा उतरला. फे म्हणजे अकारण आनंदी. इथे तर कारण होतं, छापील, सहीशिक्क्याचं. म्हणजे शब्द लागूच पडत नव्हता. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच त्यांचा वाक्यात उपयोग साफ चुकला होता, आणि त्याचा त्यांना इतका आनंद झाला की ते भर रस्त्यानं हात हलवत घरी आले.

रविवारी सकाळी बेल वाजली. दारात दादा उभा होता, धापा टाकत, हातात पुरवणी. जिन्यानं आला होता.

“मेहुणा म्हणजे मी ना?”

“उदाहरण आहे हो दादा. उदाहरणातला मेहुणा.”

“उदाहरण देणाऱ्याला मेहुणा एकच आहे.” तो खुर्चीत बसला. आधी खुर्चीचा पाय हलवून पाहिला आणि मग बसला.

“पण तुम्ही फे नाही. तुम्हाला कारण आहे. रिपोर्ट आहे.”

“तीस वर्षं मी रिपोर्टच लिहिले, भावोजी,” दादा संथपणे म्हणाला. “कसे लिहितात ते मला ठाऊक आहे. जेवायची वेळ झाली की पास.” तो मानेवरची पट्टी चाचपत राहिला. “मंगळवारी माझ्या डोक्यात हे आलंच नाही. का आलं नसेल?”

“कसला रिपोर्ट?” बायको स्वयंपाकघरातून बाहेर आली. तिला सगळं सांगावं लागलं. ती भावाजवळ बसली, थोडी रडली, थोडी रागावली. दादानं तिला, चहा पाणचट आहे, घड्याळ पुन्हा मागे पडलंय आणि छत्री परत हवी, हे ओळीनं सांगितलं. कपाळावर सगळ्या आठ्या होत्या, जिथल्या तिथे.

शब्दवाल्यांनी त्या आठ्या डोळे भरून पाहिल्या. जुना दादा परत आला होता. ज्याच्या चेहऱ्यावर असं सुतक आहे, त्याला फे म्हणायची कुणाची टाप होती? माणूस वाचला होता. त्यांना हसू फुटलं. “थांबा, चहा मी करतो,” म्हणून ते ओट्याकडे गेले. साखर सांडली तरी हसले. हॉलमध्ये ट्रे आणताना आपल्या घशातून कसला तरी सूर येतोय असं त्यांना वाटलं. चाल दादाचीच होती.

बायकोनं एव्हाना पुरवणी हातात घेतली होती. आयुष्यात पहिल्यांदा ती केसगळतीच्या वर गेली. बोट ठेवून तिनं तो चौकोन वाचला, अर्थ आणि वाक्यही. मग मान वर करून भावाकडे पाहिलं. तो चहात काही पडलंय का ते बघत होता. मग तिनं नवऱ्याकडे पाहिलं.

लग्नाला इतकी वर्षं झाली, पण हा माणूस कधी गुणगुणला नव्हता.

“अहो,” ती हळूच म्हणाली, “पुरे.”

“काय पुरे? काही नाही, सहज. दादा बरे आहेत म्हणून.” शब्दवाल्यांना सांगायचं होतं की इथेही कारण आहे. ते कारण त्यांनी मनातल्या मनात नीट मांडून पाहिलं. जे मरण दादाला यायचं होतं ते आलं नाही, म्हणजे ते टळलं. नक्की टळलं, की नुसतंच दारातून वळलं, इथे वाक्य अडलं. चेहऱ्यावरचं हसू मात्र तसंच राहिलं. त्यांनी ते आवरायचा प्रयत्न केला, पण ओठ ऐकेनात.

आईच्या खोलीत पाइप ठकठकला. एकदा, मग जरा थांबून पुन्हा. वरचे लोक पंधरा दिवसांसाठी गावाला गेले होते; किल्ली याच घरात, खिळ्याला टांगलेली होती.

दादानं कप खाली ठेवला. बायकोनं पुरवणीची घडी घातली, पुन्हा एक घडी घातली, आणि ती या वेळी हसली नाही.

“तुमचं काही खरं नाही,” ती म्हणाली.