कांदळबंदरची खुर्ची

मित्रांनो, मी एक जुनी सागवानी खुर्ची आहे. दवाखान्याच्या ओसरीवर मला पाहिलेत तर आजाऱ्यांना बसायला कुणीतरी ठेवली असेल, असे तुम्हांला वाटेल. पण जरा वाकून पाहा. माझ्या दोन्ही अंगांना लोखंडी कड्या आहेत. त्यांतून पूर्वी लांब दांडे घातलेले असत आणि ते दांडे माणसांच्या खांद्यांवर असत. मी बंदरावरची खुर्ची होते. आलेल्या माणसाला चिखलातून गावात आणायचे, हे माझे काम.

आमचे गाव कांदळबंदर. मुरुडच्या वरच्या अंगाला, एका खाडीच्या तोंडाशी ते वसले आहे. बाजाराचा रस्ता एकच. त्याच्या खालच्या टोकाला कोळीवाडा, वरच्या टोकाला नारळीच्या वाडीत मशीद आणि मधे किराणा, कापड, सोनार अशी दुकाने. आतल्या खेड्यांतून भाताच्या गाड्या यायच्या आणि ते भात, सुकी मासळी, नारळ असे सारे मुंबईला जायचे. आगबोट आली की गाव जागे होई आणि ती गेली की पुन्हा डुलक्या घेई. पावसाळ्यात आगबोट बंद. मग चार महिने आम्हांला जग नसे.

आगबोट बाहेर खोल पाण्यात थांबायची. तिच्यातली माणसे पडावात, म्हणजे सपाट होडीत, उतरत. भरती असली तर पडाव पार वाळूच्या पुळणीला लागे. ओहोटी असली की मात्र तो दूरच अडे आणि मधे पसरलेला असे नुसता काळा चिखल. माझ्या जन्माआधी लोकांना खांद्यावर बसवून आणत. एकदा शाळा तपासायला आलेले साहेब खांद्यावरून घसरले आणि टोपीसकट चिखलात बसले. सारा किनारा पोट धरून हसला. त्या वर्षी शाळेचा शेरा फार वाईट आला म्हणतात. मग गावच्या पंचांनी ठरवले की खुर्ची करायची.

ती गोष्ट सन एकोणीसशे बावीसच्या सुमाराची. गुणाजी सुतारांनी एका मोडक्या गलबताच्या लाकडातून मला घडवले. वेताची बैठक विणली. काम झाल्यावर ते स्वतःच माझ्यावर टेकले, दोन्ही हात चोळले आणि म्हणाले, "कुणाला पाडू नको ग बाय. परत शेरा वाईट येल."

मला उचलणारे दोघे होते. पुढे हरेश्वर कोळी, मागे बुधाजी. हरेश्वर धिप्पाड आणि मितभाषी. बुधाजी आतल्या गावचा शेतकरी. भाताची कापणी झाली की तो बंदरावर कामाला येई आणि पाऊस लागायच्या आत परत जाई. त्याची जीभ एक क्षण स्वस्थ नसे. "हरेश्वर, डावीकडं जा, हितं गाळ हाय," असे तो मागून ओरडत राही आणि हरेश्वर आधीच डावीकडे गेलेला असे.

मी कितीतरी माणसे आणली. मामलेदार आणले, लाजून चूर झालेल्या नवऱ्या आणल्या, मक्केहून परतलेले एक म्हातारे हाजी आणले. ते वाटभर रडत होते. पण खरे सांगू का? त्यांतल्या कुणाचाच चेहरा मला नीट दिसला नाही. मला कळायचे ते फक्त त्यांचे वजन आणि माझ्या हातांना घट्ट धरणारी बोटे. कोरडी वाळू आली की माणूस उडी मारून उतरे आणि आपल्या माणसांना जाऊन बिलगे. मागे वळून खुर्चीकडे कोण पाहणार? थोड्या वेळाने किनारा रिकामा होई. माझे पाय धुऊन मला बाजारातल्या वालजीशेठ दुकानदाराच्या वखारीत ठेवत आणि दाराला कुलूप लागे.

एक गोष्ट सांगायची राहिली. माझ्यात कुणी बसायचे, हे कुठे लिहिलेले नव्हते, पण ते सगळ्यांना ठाऊक होते. दुकानदार, वकील, अंमलदार आणि त्यांच्या घरच्या बायका बसत. कोळी, कातकरी आणि खेड्यांतली माणसे गुडघाभर चिखलातून चालत येत. हरेश्वरने मला इतकी वर्षे वाहिले, पण त्याच्या घरचे कुणी माझ्यात कधी बसले नव्हते.

सत्तावीस सालच्या थंडीत गावच्या नव्या दवाखान्यात नर्सबाई आल्या. त्यांचे नाव सत्यवती. वय तिशीच्या आसपास, कपाळ मोकळे, हातात छत्री, बरोबर एक पत्र्याची ट्रंक आणि दुसरे कुणी नाही. ओहोटी होती.

बुधाजी म्हणाला, "बसा बाय."

"मी चालेन," त्या म्हणाल्या. "ट्रंक ठेवा खुर्चीत. औषधांच्या बाटल्या आहेत, फुटायला नकोत."

आणि त्या पदर खोचून चिखलातून चालू लागल्या. किनाऱ्यावरची माणसे बघतच राहिली. एकटी बाई, विधवा, आणि ही अशी चालत येते! त्या दिवशी गावाने त्यांना डोळे भरून पाहिले आणि मग कितीतरी महिने त्यांच्या दाराकडे कुणी फिरकले नाही. बाळंतपणे जुन्या सुईणीच करत. डॉक्टर महिन्यातून एकदा येऊन जात. एरवी दवाखान्यात बाई एकट्या.

आगबोटीच्या दिवशी त्या बंदरावर येत. त्यांना भेटायला कुणी येणार नसे, हे साऱ्यांना माहीत होते. आगबोट गेली, गर्दी पांगली, की मला वखारीत नेईपर्यंत त्या माझ्यावर येऊन बसत आणि समुद्राकडे पाहत राहत. मित्रांनो, कुठेही जायचे नसताना माझ्यावर बसलेले ते पहिले माणूस. बोटांनी त्या माझ्या वेताच्या विणीवरून हळूहळू हात फिरवत. मलाही बरे वाटे. आम्हां दोघींची ओळख अशी झाली.

पुढच्या शिमग्यानंतरची गोष्ट. हरेश्वरच्या बायकोला, राहीला, कळा लागल्या आणि मूल अडले. सुईणीने हात टेकले. तेव्हा कुठे हरेश्वर धावत दवाखान्यात गेला. बाईंनी राहीला तपासले आणि म्हणाल्या, "हिला मुंबईला न्यायला हवे. आजची आगबोट चुकली तर मी काही करू शकणार नाही."

आगबोट दुपारची होती आणि नेमकी ओहोटी होती. पडाव दूर अडणार. राहीला पाठीवर घेणे शक्यच नव्हते. बाई, हरेश्वर आणि बुधाजी तिघे वखारीशी आले.

वालजीशेठ दारातच उभे होते. नवे धोतर, नवी पगडी. ते म्हणाले, "आज आमचे व्याही येतात पहिल्यांदा. खुर्ची त्यांच्यासाठी काढायची आहे."

"आधी राहीला पोचवू. परत येताना व्याह्यांना आणतील," बाई म्हणाल्या.

शेठ खाली पाहू लागले. ते दुष्ट नव्हते. पण लोक काय म्हणतील, याची भीती त्यांना भारी. ते पुटपुटले, "त्या खुर्चीत कोळीण बसली, मग व्याही कसे बसतील त्यात?"

"शेठ, खुर्ची धुता येते," बाई म्हणाल्या.

चावी त्यांच्या मुठीत होती. हरेश्वर भिंतीला धरून उभा होता. तेवढ्यात आतून शेठची म्हातारी आई बाहेर आली. तिला सारे गाव बा म्हणे. ती म्हणाली, "वालजी, तुझ्या वेळी मी पण अशीच अडली होती. दे चावी."

शेठने चावी दिली.

राहीला माझ्यात बसवले आणि लुगड्याने बांधले. तिच्या अंगाचा थरकाप माझ्या प्रत्येक सांध्याला कळत होता. बाई तिचा हात धरून बाजूने चालत होत्या. चिखल त्या दिवशी नेहमीपेक्षा खोल वाटत होता. आणि ज्या हरेश्वरचा पाय इतक्या वर्षांत कधी चुकला नव्हता, तो अर्ध्या वाटेत अडखळला. राही कण्हली की तो मागे वळून बघे. मी एका बाजूला कलले.

"मांगं बघू नको!" बुधाजी ओरडला. "आरं, आज ती तुजी बायको न्हाय. पाशिंजर हाय असं समज. टाक पाय!"

हरेश्वरने मान सरळ केली. त्याचे खांदे माझ्या दांड्यांखाली घट्ट झाले. मग तो थांबला नाही.

दूरवर आगबोटीचा भोंगा झाला. पडावात वालजीशेठचे व्याही रेशमी उपरणे सांभाळत बसले होते. राहीला पाहून त्यांनी काय झाले ते विचारले नाही. पायांतले जोडे काढून हातात घेतले, धोतर वर खोचले आणि ते गुपचूप चिखलात उतरले. त्यांची जागा राहीला मिळाली. पडाव लगेच माघारी फिरला. हरेश्वर आणि बाई दोघे बरोबर गेले. बुधाजी मात्र मला धरून चिखलातच उभा होता. भोंगा पुन्हा झाला, धूर क्षितिजाकडे गेला, तरी तो उभाच. त्या दिवशी पहिल्यांदा तो काही बोलत नव्हता.

राही वाचली. मूल वाचले नाही. ती परत आली तेव्हा भरती होती, त्यामुळे माझी गरज पडली नाही. मी तिला पुळणीवरूनच पाहिले. ती रिकाम्या हातांनी उतरली आणि बाईंच्या खांद्यावर डोके ठेवून रडली.

त्यानंतर कोळीवाड्यातल्या बायका वेळेवर दवाखान्यात जाऊ लागल्या. मग खेड्यांतल्या आणि मशिदीजवळच्या मोहल्ल्यातल्या, हळूहळू बाजारातल्याही. दोन वर्षांनी राहीची मुलगी बाईंच्याच हातात जन्मली. तिचे नाव शकू. वालजीशेठने काही लोकांसाठी गादीची वेगळी खुर्ची करून घेतली आणि माझ्यात कुणीही बसू लागले. पाय मोडलेले, तापाने फणफणलेले, पोटुश्या बाया. मला त्याचे वाईट वाटले नाही. ती माझी चांगली वर्षे होती.

पुढे चौतीस साली सरकारने दगडी धक्का बांधला. आता पडाव थेट धक्क्याला लागे. तुतारी वाजली, हार घातले, भाषणे झाली. मला कुणी बोलावले नाही, बोलावण्याचे कारणही नव्हते. माझे दांडे कुणीतरी मांडवाला नेले ते परत आलेच नाहीत. आणि गंमत बघा, धक्का झाला आणि माणसे कमी झाली. आतल्या बाजूने मोटारीचा रस्ता आला. भाताच्या गाड्या तिकडे वळल्या. वालजीशेठ दुकान मोडून मुंबईला गेले. बुधाजीही तिथल्या गोदीत कामाला लागला. निघताना तो वखारीत आला, माझ्या पाठीवर थाप मारली आणि गेला.

वखार पडायला आली तेव्हा बाईंनी मला दवाखान्यात आणवले. ओसरीवर मी आणि आत त्या. त्या आता थकल्या होत्या, केस वेळेआधीच पिकले होते. रात्री-अपरात्री कुणी हाक मारली की त्या उठून जात. गावातली निम्मी पोरे त्यांच्या हातची. लोक त्यांना मान देत, रस्त्यात हात जोडत. पण मित्रांनो, मी रोज ओसरीवर असे. मला ठाऊक आहे, त्या दारात जो येई तो काहीतरी दुखत असले म्हणून येई. दुखणे थांबले की पावलेही थांबत. आमचे गाव वाईट नाही. ते हाकेला धावते. पण हाक मारायची कुणी, ज्याच्या घरात दुसरे माणूसच नाही त्याने?

छत्तीस सालच्या आषाढात पाऊस कोसळत होता. रोग्यांची ये-जा थांबली होती. एके सकाळी बाईंनी दार उघडले नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. समोरून माणसे गेली. इरली घेतलेले शेतकरी गेले, शाळेची मुले गेली. "बाई निजल्या असतील," कुणीतरी म्हणाले. मला पाय होते, पण चालता येत नव्हते. तोंड नव्हते. असे असहाय मला कधी वाटले नव्हते.

शेवटी राही आली. शकू तिच्या कडेला भिजत उभी होती. राहीने दार लोटले. आत बाई हिवतापाने बेशुद्ध होण्याच्या बेतात होत्या. राहीने त्यांच्या कपाळावर हात ठेवला तशा त्या धडपडत उठू लागल्या.

"कुणाकडे जायचे आहे? कोण अडली आहे?" त्यांनी विचारले. "माझी पिशवी दे."

"कुनी न्हाय बाय. निजा तुमी."

"मग तू कशाला आलीस?"

"तुमच्यासाटीच आलंय."

बाईंना ते पटेना. त्या तिच्याकडे पाहतच राहिल्या आणि पुन्हा म्हणाल्या, "माझ्यासाठी?"

राही मग घरी गेली नाही. हरेश्वर तुडुंब ओढा ओलांडून डॉक्टरांना आणायला गेला. डॉक्टर आले, पण उशीर झाला होता. बाई राहीच्या मांडीवर डोके ठेवून गेल्या. त्या दिवशी ओसरीवर उभे राहायला जागा नव्हती. कोळीवाडा आला, मोहल्ला आला, सारा बाजार आला. जो तो रडत होता आणि एकमेकांना विचारत होता, "आम्हांला कळवले का नाही?"

मला त्या गर्दीचा राग आला नाही. त्यांचे रडणे खरे होते. पण त्यातले एखादे माणूस दोन दिवस आधी, सहज, पाऊस बघत बघत आले असते तर?

आता दवाखान्यात नवी नर्सबाई आली आहे. फार तरुण आहे. तिचे गाव लांब आहे आणि इथे तिचे कुणी नाही. दिवस मावळताना ती ओसरीच्या खांबाला टेकून उभी असते. रस्त्याने जाणारी माणसे तिला पाहतात आणि पुढे जातात.

मित्रांनो, माझा एक हात निखळला आहे, वेत सैल झाला आहे. मला दुरुस्त केलेत तर बरेच वाटेल, पण माझी मागणी ती नाही. तुमच्या गावात कुणी एकटे येऊन राहिले असेल, तर त्याच्या दारात जा. काही दुखत नसेल तरी जा. काही काम नसेल तेव्हा तर जाच. घटकाभर गप्पा मारा.

बसायला मी आहेच.